हाताला आठवलेला डोंगर

लकवा झालेल्यांकडून हातापायांचे व्यायाम करून घेणं हे माझं काम. चंदीगडला येऊन ते करण्यात बरीच वर्षं गेली. एक इंडोनेशियन चित्रकार माझ्याकडे आले तेव्हा मीच थकले होते. पेशंटला धीर द्यायला तोंड उघडलं की तेच ते शब्द निघत.

त्यांचा उजवा हात लुळा पडला होता. सोबत पंजाबी बायको होती. तरुणपणी ते कला शिकायला भारतात आले, लग्न केलं आणि बायकोच्या नोकरीपायी पुढे या शहरातच राहिले.

व्यायाम करताना ते सावकाश हिंदीत आपली हकिकत सांगत. जावा बेटावर त्यांचे वडील कापडावर मेणाची नक्षी काढत. ते स्वतः पोरवयापासून पर्यटकांसाठी चित्रं काढत : ज्वालामुखीचा डोंगर, खाली भातखाचरं, कडेला एक नारळ. चित्रं खपत होती, पण त्यांना त्या डोंगराचा वीट आला. मग कॅनव्हासवर नुसते रंगांचे थर देऊ लागले. ओळखू येईल असा आकार दिसला की तो पुसून टाकत. जकार्तात प्रदर्शनं झाली, इथल्या एका कॉलेजात शिकवलं. लोक विचारत, यात आहे काय? आधी ते समजावून सांगत. नंतर नंतर, चहा घेणार का, एवढंच विचारत.

धुक्याचे दिवस सुरू झाल्यावर त्यांना बाहेर पडणं जमेना, म्हणून मी घरी जाता जाता विमानतळाजवळच्या एअरोसिटी वस्तीत त्यांच्याकडे थांबू लागले. बोटांत थोडी ताकद आल्यावर मी बायकोला त्यांच्या हातात ब्रश द्यायला सांगितलं. हात आपसूक चालू लागला. कागदावर डोंगर उमटला. खाली खाचरं. कडेला नारळ.

बायकोच्या डोळ्यांत पाणी आलं. त्यांनी डाव्या हातानं कागद जवळ ओढला.

"हा डोंगर विसरण्यात माझं आयुष्य गेलं," ते म्हणाले, "आणि हाताला एवढंच आठवलं."

जुनी सवय कधी कधी आधी परत येते, असं मी सांगितलं.

"बाकीचं येईल?"

"माहीत नाही," मी म्हणाले. धीराचं काही बोलण्याचं त्राण माझ्यात नव्हतं.

बायकोनं ते चित्र फ्रेम करून बैठकीत लावलं. पाहुणे त्याचं कौतुक करत आणि चित्रकार ते ऐकून घेत. काही आठवड्यांनी त्यांनी मला सांगितलं, "उजवा हात आता जेवणापुरता झाला. तेवढा पुरे." आणि ब्रश डाव्या हातात घेतला. त्या हाताला काहीच येत नव्हतं, तो डोंगरही नाही.

उपचार संपल्यावर एकदा मी त्यांना भेटायला गेले. ते खिडकीपाशी करड्या रंगाचा वाकडातिकडा थर देत होते. मी शेजारच्या खुर्चीत टेकले आणि बोलता बोलता मला झोप लागली. जाग आली तेव्हा अंगावर कुणीतरी शाल घातली होती, आणि ते अजून तोच कोपरा रंगवत होते.