नादोबाचे त्रेसष्ट दिवस

लहानपणी मी आणि थोरल्या भावानं तेरजवळच्या आमच्या शेताच्या बांधावर एका दगडाला शेंदूर फासून नादोबा हा देव केला. गाणं, चित्रं आणि आभाळातले तारे त्याच्याकडं. नवस फळायला तीन वेळा एकवीस, म्हणजे त्रेसष्ट दिवस लागतात, हा नियम माझा.

भाऊ पुढं भजनात गाऊ लागला. गेल्या वर्षी त्याचा घसा बसला. मी दवाखान्याचं काढलं, तर म्हणाला, "आधी आपल्या देवाला सांग की." मी नवस बोललो आणि दिवस मोजत बसलो. चौसष्टाव्या दिवशी सोलापूरला गेलो. डॉक्टर म्हणाले, दोन महिने आधी आला असतात तर कदाचित स्वरयंत्र काढावं लागलं नसतं.

ऑपरेशननंतर भावानं पाटीवर लिहिलं, "येड्या, त्रेसष्ट कशावरून रं?"

"दादा, तवा शाळेत एकवीसचा पाढा चालू होता."