ग्वेनच्या गाईचा चीक

मधुमती सबनीस यांनी नागपूरच्या टेलिफोन एक्स्चेंजमध्ये तेहेतीस वर्षं लोकांना एकमेकांशी जोडून दिलं, आणि सहासष्टाव्या वर्षी त्या अशा घरात राहायला आल्या जिथे मोबाइलला रेंज हवी तर गोठ्यामागच्या भिंतीवर चढावं लागे. वेल्सच्या डोंगरातलं शेत. वर चढणीला मेंढ्या, खाली दगडी घर, आणि सगळ्यात जवळची शेजारीण म्हणजे डोंगराच्या पलीकडच्या अंगाला, दोन मैलांवर राहणारी म्हातारी ग्वेन.

शेत हे सुनेचं वेड. यतीन आणि ऋजुता, दोघंही वॉटफर्डला सॉफ्टवेअरमध्ये होते, उत्तम चाललं होतं. मग एका सुट्टीत ऋजुतानं मेंढ्या विताना पाहिल्या आणि तिचं डोकंच फिरलं, असं मधुमतीबाई फोनवर बहिणीला सांगत. दोन वर्षं शनिवार-रविवार लोकांच्या शेतांवर फुकट राबून ती काम शिकली, आणि २००६च्या उन्हाळ्यात दोघांनी हे शेत भाडेपट्ट्यानं घेतलं. यतीननं नोकरी मात्र ठेवली. सोमवारी पहाटे तो वॉटफर्ड गाठायला निघे, तो गुरुवारी संध्याकाळी परत.

यजमान कमलाकरराव गेल्यापासून मधुमतीबाई नागपुरात एकट्या पडल्या होत्या. 'आई, आता तू आमच्याकडेच ये' असं यतीन म्हणाला तेव्हा त्यांच्या डोळ्यांसमोर वॉटफर्ड होतं. पूर्वी एकदा त्या तिथे तीन महिने राहून गेल्या होत्या. शेजारी मराठी बिऱ्हाडं, मंगळवारचं भजन, साड्या बघायला लेस्टरची फेरी. इथे भजनाला श्रोते म्हणजे मेंढ्या, आणि त्या भर कीर्तनात उठून जाणाऱ्या.

ऋजुता त्यांना कधी उणं बोलली नाही. कामाला हात लावू दिला नाही, हेच त्यांना लागे. 'आई, थंडी आहे, तुम्ही आत बसा.' सोमवार ते गुरुवार घरात दोघीच, आणि त्यातली एक दिवसभर बाहेर. स्वयंपाकघर तेवढं बाईंचं. तिथे त्यांनी आपलं राज्य मांडलं.

मार्चमध्ये मेंढ्या वियायला लागल्या. ग्वेनची गाय नुकतीच व्याली होती, तिच्या पहिल्या दिवसाच्या चिकाच्या दोन बाटल्या ग्वेननं आणून दिल्या. ऋजुतानं त्या फ्रीजरमध्ये ठेवल्या आणि सासूला नीट समजावून सांगितलं. एखाद्या मेंढीला दूधच आलं नाही किंवा ती मेली, तर पिल्लाच्या पोटात पहिल्या काही तासांत कसलातरी चीक जायलाच हवा, नाहीतर ते जगत नाही. गाईचाही चालतो. पुडीतली चिकाची पावडर संपत आली होती आणि दुकान तासाभराच्या रस्त्यावर, म्हणून सगळी भिस्त या बाटल्यांवर.

"ह्यांना प्लीज हात नका लावू हं, आई."

"मला कळतं गं चीक म्हणजे काय," मधुमतीबाई म्हणाल्या. "तुझ्या जन्माच्या आधीपासून."

बोलणं तिथेच संपलं, पण बाईंच्या डोक्यात चीक शिरला तो शिरलाच. रोज मटार काढायला फ्रीजर उघडावा, आणि त्या दोन पिवळसर बाटल्या समोर. इंग्लंडात मिळत नाही मिळत नाही म्हणून लोक उसासे टाकतात ती वस्तू, पहिल्या दिवसाची, घट्ट, आणि ती कुणासाठी राखलेली, तर मेंढरांसाठी. यतीन लहानपणी खरवसाच्या थाळ्याला नाक लावून बसायचा. आठवड्याभरात एकही पिल्लू बिनआईचं निघालं नव्हतं. एका बाटलीनं काय अडणार होतं? रविवारी यतीनला ग्वेनकडे पाठवू, आणखी मागवू. गाय काय, दूध देतेच आहे.

आता आठ दिवसांनी गाय चीक देत नाही, हे त्यांना पक्कं माहीत होतं. पण त्या दिवशी त्यांनी ते स्वतःला आठवू दिलं नाही.

गुरुवारी दुपारी ऋजुता वर मेंढ्यांकडे गेल्यावर त्यांनी एक बाटली काढली. घाईनं ती शेगडीवर कोमट करायला गेल्या, आणि चीक तिथेच फाटला, खाली लागला. करपट गोळे त्यांनी सिंकमध्ये ओतले. तिथे थांबल्या असत्या तर एक बाटली उरली असती. पण एक वाया गेली आणि हातात काहीच नाही, हे त्यांना सोसेना. दुसरी त्यांनी थंड पाण्यात हळूहळू वितळवली. दूध, साखर, जायफळ, वर केशर. कुकरची शिट्टी काढून वाफवला. सुरी घातली तर वडी देखणी सुटली.

यतीन आला, ऋजुता आली. ताट बघून ऋजुता दारातच थबकली. "खरवस? चीक कुठला?"

"चीक कशाला लागतोय," बाई म्हणाल्या. "मिल्क पावडरचा. कंडेन्स्ड मिल्क आणि दही घातलं की होतो."

"अगदी खऱ्यासारखा झालाय, आई." तिनं दोन वाट्या खाल्ल्या. आईला पुण्याला कळवायची म्हणून रेसिपी मागितली. मधुमतीबाईंनी चष्मा लावला आणि टेलिफोन एक्स्चेंजच्या वळणदार अक्षरात एक खोटी रेसिपी लिहून दिली.

शुक्रवारी सकाळी बर्फ पडला. खालचा रस्ता बंद झाला. नऊच्या सुमाराला एक म्हातारी मेंढी दोन पिल्लं टाकून मेली. ऋजुता दोन्ही पिल्लं जॅकेटमध्ये घालून धावत स्वयंपाकघरात आली, ओव्हनसमोर टॉवेलवर ठेवली आणि फ्रीजरकडे वळली. मधुमतीबाई कणीक मळत होत्या. त्यांचे हात परातीत थांबले.

पावडरची पुडी रिकामीच होती. ऋजुतानं मटार बाहेर काढले, ब्रेड काढला, सगळे खण उपसले.

"आई, बाटल्या?"

"मी नाही बघितल्या गं," मधुमतीबाई म्हणाल्या.

एवढी चार शब्दांची गोष्ट. पुढे त्यांनी ते वाक्य कितीदा तरी मनात परत मागे घेतलं.

दोन दिवसांत आपल्याकडे दुसरी कुठली मेंढी व्याली नव्हती, म्हणून यतीन बूट घालून डोंगर ओलांडून ग्वेनकडे गेला. गाईचं आता साधं दूध. ग्वेननं आपल्या ताज्या व्यालेल्या मेंढीचा कपभर चीक पिळून दिला. यतीन बर्फातून परतला तोवर दुपार झाली होती. एक पिल्लू त्याच्या आधीच गेलं. दुसऱ्यानं चीक घेतला, रात्र काढली, आणि शनिवारी सकाळी ऋजुताच्या मांडीवर मान टाकली.

ऋजुता रडली नाही. ती हिशेब लावत बसली. मंगळवारी त्या अशक्त पिल्लाला पावडर दिली की बाटली? नीट झोप नव्हती, आठवत नव्हतं. मग दुसरी कधी काढली? यतीन म्हणाला, दमली आहेस, होतं असं. ती म्हणाली, दोन बाटल्या काढल्या आणि दोन्ही आठवत नाहीत, असं होत नाही. त्या दिवसापासून ती प्रत्येक गोष्ट चिठ्ठीवर लिहून दाराला चिकटवू लागली. कुठल्या मेंढीला किती वाजता काय. लिहिलेलंही पुन्हा जाऊन बघे. रोज फाटक एकदा लावणारी मुलगी आता तीनदा लावत होती.

मधुमतीबाई चिठ्ठ्या वाचत आणि भाजी चिरत.

रविवारी सकाळी जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप उघडा होता. हे काम आपलं नाही, माझ्या हातून जीव जातायत, असं ऋजुता अगदी शांतपणे म्हणाली. शेताच्या मालकाला लेटर द्यायचं, शरद ऋतूपर्यंत शेत सोडायचं, वॉटफर्डला परत. यतीननं खूप समजावलं. शेवटी उद्या जाताना पोस्टात टाकतो म्हणाला.

लसूण सोलता सोलता मधुमतीबाईंच्या मनात वॉटफर्ड लख्ख उजळलं. मंगळवारचं भजन, शेजारच्या दारातली रांगोळी. हिवाळाभर देवापाशी त्यांनी दुसरं काही मागितलं नव्हतं. आता तोंड उघडायचीही गरज नव्हती. नुसतं गप्प बसायचं होतं.

आणि त्याच आनंदाची त्यांना किळस आली. पिल्लं मेली तेव्हा आली नव्हती एवढी.

दुपारी त्यांनी यतीनचे गमबूट चढवले आणि चिखल तुडवत मेंढ्यांच्या शेडमध्ये गेल्या. ऋजुता एका मेंढीला भिंतीशी दाबून तिची कास चाचपत होती.

"आई, तुम्ही कशाला आलात इकडे?"

"त्या बाटल्या तू नाही वापरल्यास."

"कुठल्या?"

"दोन्ही मी काढल्या. एक फाटली. गुरुवारचा खरवस पावडरचा नव्हता."

ऋजुतानं मेंढी सोडली नाही. ती मेंढीच्या पाठीकडेच बघत होती.

"मी दोन वाट्या खाल्ल्या," ती म्हणाली. "रेसिपी मागितली मी. तुम्ही लिहून दिलीत."

"हो."

"आणि तीन दिवस तुम्ही मला बघत होतात. मला वाटलं माझं डोकं गेलंय, आई. मी गूगल करत होते, मेमरी लॉस म्हणून."

मधुमतीबाईंनी वाटेत चार वाक्यं जुळवून आणली होती. यतीनसाठी केलं, मुद्दाम नाही, एकटेपणा. त्यातलं एकही उभं राहीना.

"सकाळी तुम्ही दोघं वॉटफर्ड म्हणालात तेव्हा मला बरं वाटलं," त्या म्हणाल्या. "तेही सांगायचं होतं."

"हे कशाला सांगताय?"

"अर्धं सांगून काय करू?"

ऋजुतानं मेंढी सोडून दिली. जीन्सला हात पुसले. रागावेल, ओरडेल, असं बाईंना वाटलं, आणि तसं झालं असतं तर सोपं गेलं असतं. ती एवढंच म्हणाली, "यतीनला मी सांगणार नाही. तुम्ही सांगा." आणि बादली उचलून पाठमोरी झाली.

संध्याकाळी वरणभात वाढून झाल्यावर मधुमतीबाईंनी उभ्यानंच सांगितलं. बाटल्या, करपलेला चीक, रेसिपी, फ्रीजरपाशी बोललेलं खोटं. सलग सांगितलं, मधे श्वास घेतला नाही. ऋजुता खाली मान घालून भात कालवत होती, पण घास उचलत नव्हती.

यतीनचा चेहरा उतरला. मग त्यानं आईकडे बघितलं, बायकोकडे बघितलं, आणि दोघींच्या मधोमध काहीतरी मऊ ठेवावं तसा बोलला.

"जाऊ दे ना आता. तुला माहीत नव्हतं, आई. पिल्लांना त्याचं इतकं महत्त्व असतं हे कुणाला कळणार."

दार उघडून दिल्यासारखं होतं ते. मुलानं स्वतः धरून ठेवलेलं. मधुमतीबाईंनी समोर बघितलं. ऋजुताचा हात ताटात थांबला होता.

"माहीत होतं," त्या म्हणाल्या. "तिनं समजावून सांगितलं होतं. मला सगळं माहीत होतं."

 ऋजुतानं घास उचलला. लॅपटॉपशेजारचं लेटर तिनं जेवण झाल्यावर घडी करून खणात टाकलं. पोस्टात नाही, फाडलंही नाही. आणि आपलं ताट विसळून, सासूच्या ताटाला हात न लावता, ती पुन्हा शेडकडे गेली.