आधी झाकण पुसायचं

माझी आत्या जन्मभर चादरींना इस्त्री करत आली. रुग्णालयाच्या तळघरात लाँड्री होती, तिथे वाफेत उभी राहून ती ढिगाने चादरी सरळ करायची. घरात तिला सगळे कडक आत्या म्हणतात, आणि ते नाव काही नुसत्या इस्त्रीमुळे पडलेलं नाही. उशीची खोळ कुणी उलटी घातलेली दिसली तरी तिच्या कपाळाला आठी पडते. तिने लग्न केलं नाही. कुणी फारच खोदून विचारलं तर म्हणायची, "एक भाऊ सांभाळता सांभाळता नाकी नऊ आलेत, आणखी एक पुरुष कुठे गळ्यात बांधून घेऊ?"

तो भाऊ म्हणजे माझे बाबा. वयाने ते आत्यापेक्षा मोठे, पण हे त्या दोघांना भेटून कुणाला कधी कळलं नाही. बाबांची हयात बसस्थानकात गाड्यांच्या घोषणा करण्यात गेली. आवाज असा भरदार, की ज्यांची गाडी नसायची तीही माणसं मान वर करून ऐकायची. निवृत्त झाल्यावर माईक सुटला, पण बोलणं काही सुटलं नाही. भाजी आणायला पाठवावं तर भाजीवाल्याचं डोकं उठवून यायचे आणि पिशवी तिथेच विसरायचे.

अशा माणसाच्या घशात गाठ निघाली. ऑपरेशन व्यवस्थित झालं. बाबा नाकात बारीक नळी घेऊन घरी आले आणि खिडकीजवळच्या खुर्चीत बसले, ते बसलेच. डॉक्टरबाई समजूतदार होत्या. त्यांनी तपासून सांगितलं, "घशातली जखम भरून आलीये. गिळता येईल, बोलताही येईल. गार, मऊ, काहीही द्या. पण सुरुवात त्यांनीच करायला हवी."

बाबांनी सुरुवात केली होती, एकदाच. आईला हाक मारायला गेले आणि घशातून गंजलेल्या बिजागरीसारखा आवाज आला. त्यांनी इतक्या दचकून आजूबाजूला पाहिलं, जणू दुसरंच कुणी बोललं. त्यानंतर तोंड मिटलं. पाण्याच्या पहिल्या चमच्याला ठसका लागला, तेव्हापासून खाण्यापिण्यालाही ओठ बंद. आईने सूप केलं, भात मऊ करून पाहिला, केळं कुस्करलं. बाबा नुसता हात आडवा करायचे. रागावून नाही हो, अगदी नम्रपणे, पाहुण्याघरी गेल्यासारखे. आमचे बाबा आणि नम्र!

सोमवारी पुन्हा दाखवायचं होतं. तोवर तोंडावाटे काही जायला लागलं नाही तर पोटातून नळी बसवावी लागेल, असं डॉक्टरबाईंनी स्पष्ट सांगितलं होतं. आणि एकदा ती सोय झाली की हा माणूस पुन्हा तोंड उघडायची तसदी घेणार नाही, हे आम्हाला कुणी सांगायला नको होतं.

रविवारी सकाळी आत्या जिना चढून आली. काखेत आइस्क्रीमचा पॉट, दुसऱ्या हातात स्ट्रॉबेऱ्यांची टोपली, मागे बर्फवाल्याच्या खांद्यावर गोणपाटात गुंडाळलेली बर्फाची लादी. मला रागच आला.

"आत्या, घरात माणूस घोटभर पाणी गिळत नाहीये आणि तुला आइस्क्रीम सुचतंय?"

"मग काय रडत बसू?" ती म्हणाली. "सरक. दूध तापत ठेव."

हा पॉट म्हणजे आजोबांच्या हातचं काम. ते सुतार होते. लाकडी बादली त्यांनी स्वतः बनवली, दातेरी चाकं आणि हँडल कुठल्याशा मोडक्या यंत्राचं काढून बसवलं. बादलीच्या आत कल्हईचा डबा, डब्यात लाकडी पातं. हँडल फिरवलं की डबा एकीकडे फिरतो आणि पातं दुसरीकडे. आजोबा गेले तेव्हा आत्याने फ्रॉक सोडला, लाँड्रीत उभी राहिली आणि बादली स्वतःकडे ठेवून घेतली. तेव्हापासून दर वर्षी स्ट्रॉबेऱ्या स्वस्त झाल्या की एकदा आइस्क्रीम. अख्ख्या इमारतीला वाटीवाटी.

मी लहानपणापासून हे बघत आलेय आणि तरी दर वेळी ओट्याशी उभी राहून बघते. स्ट्रॉबेऱ्या ती चिरत नाही, बोटांनी कुस्करते. मग साखरेबरोबर मंद आचेवर ठेवते, कारण त्यांच्यातलं पाणी आटलं नाही तर आइस्क्रीममध्ये बर्फाचे खडे लागतात. दूध आटवून, साय घालून, पार गार करते आणि मगच दोन्ही एकत्र करते. घाई केली की दूध फाटलंच म्हणून समजा. त्या रविवारी तिने घाई केली नाही. मी घड्याळाकडे बघत होते, ती दुधाकडे.

पण खरी जादू मिठाची. डब्याभोवती बर्फाचा चुरा भरायचा आणि त्यावर मूठमूठ खडेमीठ टाकायचं. मीठ पडलं की बर्फ पाझरायला लागतो, आणि स्वतः वितळता वितळता आतल्या दुधाला गोठवतो. शाळेत याचं कारण मी शिकले आहे, परीक्षेत लिहूनही आले आहे. तरी बादलीच्या बाहेर पांढरा हिमाचा थर चढताना पाहिला की अंगावर काटा येतो. जे मीठ थेंबभर आत गेलं तर सगळी मेहनत मातीत घालतं, तेच बाहेर राहून सगळं घडवून आणतं.

म्हणून आत्याचा नियम एकच. झाकण उघडायच्या आधी ते पुसायचं. वरून, कडेने, मग कोरड्या बाजूने पुन्हा. हा नियम बाबांमुळे पडला. लहानपणी एकदा पाहुणे दारात असताना बाबांनी न पुसताच झाकण ओढलं, खारं पाणी आत गेलं आणि पाहुण्यांनी तोंडं वाकडी करून वाट्या खाली ठेवल्या. तेव्हापासून ते खारटराव. पन्नाशी उलटली, पाठोपाठ साठीही, पण आत्याने ते नाव सोडलं नाही. माझ्या लग्नात व्याह्यांशी ओळख करून देताना म्हणाली, "हे मुलीचे वडील, आमचे खारटराव."

दुसरा नियम आजोबांचा. शेवटी जो हँडल फिरवेल, पातं चाटायचा मान त्याचा. या मानावरून त्या दोघांची म्हातारपणीसुद्धा मारामारी व्हायची.

आत्याने पॉट बाबांच्या खुर्चीसमोर स्टुलावर ठेवला आणि फिरवायला बसली. बर्फ खडखडत होता. बाबा खिडकीबाहेर बघत राहिले. ती बराच वेळ फिरवत होती, कपाळावर घाम आला, आणि मग एकाएकी थांबून म्हणाली, "गेले बाई हात माझे."

मी आणि आईने एकमेकींकडे पाहिलं. ओल्या चादरींचे गठ्ठे उचलणारे हात ते. दमले असं वाक्य त्या तोंडातून आम्ही कधी ऐकलं नव्हतं.

"वहिनी, तू ये," ती आईला म्हणाली. आई उठायला लागली, तेवढ्यात बाबांनी मान वळवली. आईच्या हाताला लय नाही, हे त्यांचं ठाम मत. त्यांनी हात पुढे केला आणि हँडल धरलं.

पहिला फेरा कसाबसा झाला. ते थांबले, श्वास घेतला, पुन्हा फिरवलं. आत्याने बादली दोन्ही गुडघ्यांत घट्ट धरली होती. आत आइस्क्रीम घट्ट होत होतं, हँडल जड होत होतं, आणि बाबांनी दुसरा हातही हँडलला लावला होता. "बस झालं, बाबा," माझ्या ओठांवर आलं होतं. आत्याने डोळ्यांनीच मला दटावलं. ती कान देऊन बसली होती. खडखड बंद झाली, आवाज जाडा झाला, मग जवळजवळ मुका.

"झालं," ती म्हणाली.

झाकण निघालं, पातं वर आलं. गुलाबी, दाट, कडेने ओघळणारं. आत्याने ते हातात फिरवून पाहिलं आणि म्हणाली, "हँडल तुझं होतं दादा, म्हणून विचारते. नको ना? बरं. मग मीच खाते."

आणि तिने पातं खरोखर तोंडाकडे नेलं. बाबांनी झडप घालून ते ओढून घेतलं. आत्याकडे डोळे वटारले, आणि हक्क बजावायचा म्हणून पात्यावरून जीभ फिरवली.

त्यांच्या गळ्याची घाटी वर गेली, खाली आली. ठसका लागला नाही. आईने माझा हात इतका दाबला की बांगडी रुतली. मग बाबांचा चेहरा बदलला. नाक आक्रसलं, भुवया चढल्या. त्यांनी पुन्हा चाटलं, खात्री करून घेतली, आणि आत्याकडे असं पाहिलं, जसं माणूस आयुष्यभर वाट पाहिलेल्या गोष्टीकडे बघतो.

"खारट," बाबा म्हणाले.

आवाज चिरका होता, फाटका होता. त्याने ती खोली भरून गेली.

"काय?" आत्या म्हणाली.

"खारट! झाकण... नाही पुसलंस. खारटबाई!"

"तोंड सांभाळून बोल. मी जन्मात विसरले नाही. तुझी जीभ बिघडलीये, नीट चाखून बघ."

बाबांनी नीट चाखून बघितलं. "खारटच."

"कुठल्या बाजूने?"

"इथे." चाटलं. "इथेही."

"आणि मागे?"

मागचंही चाटून झालं. वाद घालता घालता बाबांनी पातं लाकूड दिसेपर्यंत साफ केलं. आई हसत होती आणि डोळ्यांना पदर लावत होती, आणि बाबा तिला त्या गंजलेल्या आवाजात, धाप खात, सगळी हकीकत पहिल्यापासून सांगायला लागले होते.

मी डबा उचलून स्वयंपाकघरात आणला. टाकून द्यावं लागणार, निदान चाखून तरी बघू, म्हणून चमचा घातला. गोड होतं. तोंडात स्ट्रॉबेरी आणि साय, मिठाचा मागमूस नाही. मी डब्याच्या तळाशी, कडेला, सगळीकडे चाखलं. झाकण ओट्यावर होतं, कोरडं ठणठणीत. शेजारी आत्याचं फडकं, भिजलेलं, आणि तरीही घडी घातलेलं.

आत्या मागून आली. अंगठ्याला लागलेलं खारं पाणी तिने नळाखाली धुतलं. इतकी वर्षं मला वाटत होतं की मी या बाईला ओळखते. त्या क्षणी मला तिच्या पाया पडावंसं वाटलं आणि थोडी भीतीही वाटली.

"आत्या," मी कुजबुजले, "पण वाटीतलं खाल्लं की त्यांना कळेलच ना?"

तिने वाट्या भरल्या. मग मिठाच्या बरणीत बोटं घालून एक चिमूट उचलली, एका वाटीत टाकली आणि चमच्याने हलवली.

"ही दादाची," ती म्हणाली. "त्याला अजून बरंच बोलायचंय."