बावीस पानं

"रविवारी पानं तुला सांभाळायची आहेत," बाई म्हणाल्या.

मी कणीक मळत होते. "किती पानं?"

"बावीस."

तांदूळ किती लागेल ते मी मनात मोजायला लागले. "वरण साधं की फोडणीचं?"

बाई हसतच सुटल्या. "अगं, जेवणाची नव्हेत! पियानोच्या वहीची. मी वाजवणार, तू उलटायचीस."

हिंगोलीकडची मी, आठवीत शाळा सुटलेली. पनवेलला बाईंकडे स्वयंपाक करायचे आणि तिथंच राहायचे. त्यांनी मला घरच्यासारखं ठेवलं, म्हणून तर त्यांचं काही बिघडेल याची जास्त भीती. परदेशातल्या मोठमोठ्या सभागृहांत बाई समोर कागदही न ठेवता वाजवायच्या. पण आजारपणानंतर मध्येच पुढचं आठवेनासं व्हायला लागलं आणि त्यांनी कार्यक्रम सोडले. आता खारघरच्या एका कॉलेजात त्या वहीवरून वाजवणार होत्या. "या वेळी अडले, तर पुन्हा स्टेजवर चढायची नाही," असं त्यांनी मेथी निवडता निवडता सांगून टाकलं. आणि पानं उलटणाऱ्या विद्यार्थिनीला नेमक्या कांजिण्या.

"मला त्या मुंग्या वाचता येत नाहीत, बाई."

"वाचायचं कशाला? मी मान हलवली की उलट."

पण वाजवताना बाईंची मान सारखीच हलायची. पहिल्या तालमीत मी बघता बघता अर्धी वही उलटून बसले.

"अगं, ती दाद होती, हुकूम नव्हे!"

"मग मला कसं कळायचं?"

शेवटी ठरलं, हनुवटी वर गेली की हुकूम.

रविवारी सुरुवातीची पानं नीट उलटली. मग एक निघेचना. खाडीच्या दमट हवेनं कागद एकमेकांना चिकटले होते. बाईंची हनुवटी वर गेली. मी नखानं ओरबाडतेय, कागद हलत नाही. आता वाजवणं थांबणार, माझ्यामुळे थांबणार.

थांबलं नाही. बाईंचे डोळे मिटलेले होते आणि बोटं पुढे चालली होती. पान सुटलं तेव्हा त्या पुटपुटल्या, "राहू दे गं." मी हात मांडीवर घेतले आणि शेवटपर्यंत नुसतं ऐकलं.

परत येताना रिक्षात म्हणाल्या, "काय गं, भाकरी थापत होतीस का तिथं?"

"तुम्हाला सगळं येत होतं, तर मला कशाला बसवलंत?"

"येतंय हे मला तरी कुठं माहीत होतं?"

सकाळी त्यांनी वही कपाटात टाकली. वाजवताना दोनदा अडल्या, स्वतःवरच चिडल्या, पुन्हा पहिल्यापासून सुरू केलं. मी पोहे झाकून ठेवले. दुपारी पुण्याहून कार्यक्रमासाठी फोन आला. बाई हो म्हणाल्या. मग माझ्याकडे बघून फोनवर सांगितलं, "आणि पियानोपाशी खुर्च्या दोन ठेवा."