अकरा वीसपर्यंत चतुर्थी

माझा धाकटा भाऊ गास गावात, वाडीतल्या घरात एकटा राहतो, मी पुलापलीकडे एव्हरशाईनमधल्या फ्लॅटमध्ये. आई गेल्यापासून तो फारसा बोलत नाही. आधी तरी कुठे बोलायचा म्हणा. मनातलं सरळ सांगणं आमच्या घरात कुणालाच जमलेलं नाही, म्हणून आम्ही एक खेळ धरला होता. महायुद्धातल्या जर्मनांचं सांकेतिक निरोपांचं ते एनिग्मा यंत्र आहे ना, त्याची हुबेहूब नक्कल आता मोबाइलवर मिळते. अक्षर दाबलं की चाक एक घर पुढे सरकतं आणि भलत्याच अक्षराचा दिवा लागतो. समोरच्याची तिन्ही चाकं आपल्यासारखीच लागलेली असली तरच मजकूर परत निघतो, नाहीतर नुसता कचरा.

जर्मनांना म्हणे रोजची मांडणी छापील तक्त्यावरून कळायची. आमचा तक्ता म्हणजे भिंतीवरचं कॅलेंडर. पहिलं चाक तिथीवर, दुसरं मराठी महिन्यावर, तिसरं कायम सातवर. का, ते दोघांनाही आठवत नाही. रोज सकाळी सातला, मी शाळेत शिकवायला निघण्याआधी, त्याचा निरोप यायचा. मोगरा कमी आला. केळी पाठवतो. एवढंच असायचं, पण माझा दिवस सुरळीत जायचा.

त्या रविवारी सातला काहीच आलं नाही. दुपारी अक्षरांचे पाच गट आले. चतुर्थी, म्हणून चाक चारवर लावलं. कचरा. पुन्हा लावलं, पुन्हा कचरा. फोन केला तर बंद.

शहाण्या बाईने तेव्हाच रिक्षा पकडली असती. मी हट्टी, आणि खरं सांगायचं तर घाबरट. तिथे जाऊन काय बघायला लागेल, या भीतीपेक्षा चाकं फिरवत बसणं सोपं होतं. महिना बदलून पाहिला, सातचं सहा केलं. चहा गार झाला. त्याला शिव्या घातल्या, मग स्वतःला.

तीन वाजता नजर निरोपाच्या वेळेवर गेली. पाऊण. कॅलेंडरवर चतुर्थीपुढे बारीक अक्षरांत छापलं होतं, अकरा वीसपर्यंत. मी सकाळची तिथी दिवसभर धरते. तो आईसारखा, पंचांग काटेकोर पाळणारा. तिथी उलटली की त्याच्या लेखी दिवस उलटला. आजवर निरोप सकाळीच यायचे, म्हणून हा फरक कधी समोरच आला नव्हता. चाक पाचवर नेलं आणि दिवे नीट लागायला लागले.

ताई ये. हे सोडवत बसू नकोस.

चप्पल कुठली घातली तेही कळलं नाही. पूल ओलांडेपर्यंत रिक्षावाल्याला चारदा म्हटलं, जरा लवकर घ्या.

तो ओटीवर बसला होता, आईच्या जागेवर. दोन दिवसांची दाढी, समोर न खाल्लेलं ताट. जिवंत बघून मला रडूच कोसळलं. त्याने सरकून जागा दिली.

"कधी सुटलं?" त्याने विचारलं.

"तीनला."

"नसतं सुटलं तर?"

"तरी आलेच असते," मी म्हणाले.

तो माझ्या पायांतल्या दोन वेगवेगळ्या चपलांकडे बघत राहिला.