कॉपीकाकांची तिसरी प्रत

कॉपीकाका कुठल्याही गोष्टीला हात लावण्याआधी तिची प्रत करून ठेवत. लग्नाची पत्रिका आली, प्रत. डॉक्टरची चिठ्ठी आली, प्रत. एकदा शेजारणीने काकूंकडे लोणच्याची कृती मागितली, तर काकांनी ती काकूंकडून लिहवून घेतली, कोपऱ्यावर जाऊन झेरॉक्स काढली आणि शेजारणीला झेरॉक्स दिली. "मूळ कागद कोणाच्या हाती द्यायचा नाही," हे रेल्वेच्या रेकॉर्ड रूममध्ये तीस वर्षं मुरलेलं तत्त्व. मी हे प्रेमाने सांगायला बसले आहे, पण सांगताना माझं डोकं फिरतं, हे आधीच कबूल करते. मला काकांचा राग येतो. त्यांच्या मुलाचा येतो. सगळ्यात जास्त माझा येतो.

रायपूरच्या तात्यापारा मोहल्ल्यात एकाच घरात आम्ही खाली राहायचो, ते वर. वरून दिवसभर त्यांचा आरडाओरडा ऐकू यायचा. काका मुळातच तापट. त्यात त्यांना सर्वांत जास्त चीड हिंदीतल्या उत्तरांची. आमच्या पाऱ्यातली मराठी घरांतली पोरं मराठी समजायची, पण तोंड उघडलं की हिंदी. काकांनी "कुठं चालला रे?" विचारावं आणि पोराने "बस यहीं तक, दादाजी" म्हणावं, की संपलं. काका रस्त्यातच त्याला धरत. "मराठीत विचारलं, मराठीत सांग! तुझ्या आज्यानं काय हिंदीत जेवण मागितलं होतं काय?" पोरगा बिचारा "यहीं तक" ला मराठीत काय म्हणतात ते आठवत उभा राहायचा.

निवृत्तीनंतर मुलाने, म्हणजे प्रमोददादाने, त्यांना एक कॉम्प्युटर आणि त्यावर क्रिकेटचा एक गेम लावून दिला. काकांनी चार दिवस खेळून पाहिला आणि पाचव्या दिवशी भडकले. गेममधल्या खेळाडूंची नावं खोटी होती. "हा कोण उपटसुंभ? याले टीममध्ये कोणी घेतलं?" मी तेव्हा कॉलेजात कॉम्प्युटर शिकत होते, म्हणून मला वर बोलावणं आलं. नावं बदलता येतात का, हा प्रश्न. मी म्हटलं, कुठल्यातरी फाइलीत असतील, शोधावं लागेल. काकांचे डोळे चमकले. शोधणं हे त्यांच्या हाडामांसाचं काम होतं.

तीन दिवस आम्ही एकेक फोल्डर उघडत होतो. खेळ जिथे जतन होतो तो फोल्डर सापडेना, कारण तो लपवलेला असतो. लपवलेले फोल्डर दिसावेत म्हणून कुठे खूण करायची ते मी दाखवलं, तेव्हा काकांना आनंद व्हायच्या ऐवजी संताप आला. "माझ्या घरात राहून माझ्यापासूनच लपवते?" मग नावांची फाइल सापडली. मी लगेच ती बदलायला गेले, तर माझ्या हातावर फटका. "प्रत आहे काय?" नव्हती. आधी प्रत केली, मगच काकांनी सलामीच्या फलंदाजाच्या जागी आपल्या ऑफिसातल्या बडे बाबूंचं नाव घातलं. नाव मूळ नावापेक्षा दोन अक्षरांनी लांब झालं आणि गेम उघडेनासा झाला. माझा चेहरा पडला. काकांनी शांतपणे प्रत परत जागेवर ठेवली, गेम उघडला, आणि माझ्याकडे असं पाहिलं की मी आजही कुठलीही फाइल उघडताना ते बघणं विसरत नाही. निदान तसं मला वाटत होतं.

बडे बाबू शेवटी छोट्या नावाने संघात आले. काका त्यांना दर सामन्यात धावबाद करायचे.

आता काकूंचं सांगते, कारण सगळं त्यांच्यापाशीच येऊन थांबतं. काका खेळायचे तेव्हा काकू स्वयंपाकघरातून, पडद्याकडे न बघता, नुसत्या आवाजावरून शेरे मारायच्या. ते शेरे गेममधल्या इंग्रजी समालोचकापेक्षा कितीतरी जिवंत होते. एका रविवारी दुपारी मी सहज म्हटलं, काका, त्या साहेबाचा आवाज काढून काकूंचाच बसवू. समालोचनाच्या फाइली वेगळ्या फोल्डरमध्ये होत्या, नुसते आकडे टाकलेल्या. आम्ही एकेक ऐकली आणि काकांनी रेल्वेच्या जाड रजिस्टरमध्ये नोंद केली. सत्तेचाळीस नंबर, झेल सुटला. अठ्ठेचाळीस, चौकार. नियम साधे होते: नव्या फाइलीचं नाव तेच, प्रकार तोच, आणि लांबी मूळ आवाजाहून जास्त नाही, नाहीतर वाक्य मध्येच तुटतं.

रेकॉर्डिंग भर मे महिन्यात झालं. आवाज येऊ नये म्हणून पंखा बंद, कूलर बंद, खिडक्या बंद. काकू कानाला हेडफोन लावून, पदराने घाम पुसत बसलेल्या, आणि काका घड्याळ घेऊन समोर. "तीन सेकंद. त्याच्या वर नाही." काकू उसळल्या. "ऐकते काय पोट्टे? तीस वर्षं बोलून राहिली तं यानं ऐकलं नाही, आता म्हणते मोजून तीन सेकंद बोल!" हे वाक्य सात सेकंदांचं होतं, म्हणून कुठेच बसलं नाही. पण बाकीची बसली. झेल सुटला की काकू म्हणायच्या, "हातात आलेलं सोडते काय रे पोट्ट्या!" चौकार गेला की, "अगं बाई, हा तर सिलतऱ्याले पोचला!" सिलतरा म्हणजे रायपूरबाहेरचा कारखान्यांचा भाग, काकूंच्या लेखी जगाचं शेवटचं टोक. काका ऐकून इतके हसले की त्यांना ठसका लागला. मी त्यांना इतकं हसताना त्याआधी पाहिलं नव्हतं.

माझं लग्न ठरलं आणि मी पुण्याला निघाले, तेव्हा काकांनी माझ्या लॅपटॉपवर तो अख्खा गेम आवाजांसकट घालून दिला. हा त्यांचा दुसरा नियम. तीन प्रती. एक हाताशी, एक कपाटात, एक गावाबाहेर. "आग काय विचारून लागते?" हाताशी म्हणजे त्यांचं मशीन, कपाटात पेनड्राइव्ह, आणि गावाबाहेर म्हणजे मी. मला त्या जबाबदारीचा फार अभिमान होता. पुढे काकूंचं एखादं वाक्य पुन्हा रेकॉर्ड झालं की काकांचा फोन यायचा, "नवी पाठवली, जुनी काढून टाक." मी इमानाने जुनी काढायची, नवी ठेवायची. तीन लॅपटॉप बदलले, पण 'तात्यापारा' नावाचा तो फोल्डर दर वेळी सर्वांत आधी हलवला.

पुण्यात मात्र माझं दुसरंच काहीतरी हलत होतं. लग्नानंतर आठवड्याभरात मी स्वयंपाकघरात विचारलं, "आमटीत मीठ टाकून देऊ काय?" सासूबाई म्हणाल्या, "टाकून कशाला देतेस? घाल की." सगळे हसले. वाईट मनाने नव्हे, पण हसले. आमच्याकडे मीठ टाकून देतात म्हणजे भांड्यातच टाकतात, पेट्रोल टाकून देतात म्हणजे गाडीतच टाकतात. पुण्यात टाकून देतात ते कचऱ्यात. 'मले-तुले' गेलं, 'काहून' गेलं, 'करून राहिले' गेलं. वर्षभरात मी अशी स्वच्छ मराठी बोलू लागले की नवऱ्याच्या मित्रांना मी सदाशिव पेठेतली वाटायचे. याचाही मला तेव्हा अभिमान होता. आठवलं की तळपायाची आग मस्तकात जाते.

काकू गेल्या. चार दिवसांचा ताप, पाचव्या दिवशी नाहीत. फोटो पुष्कळ होते, पण आवाज कुठेच नव्हता. प्रमोददादाच्या लग्नाच्या व्हिडिओवर पहिल्यापासून शेवटपर्यंत सनई चढवलेली, आणि मोबाइलला काकू हात लावत नसत. त्यांचा आवाज फक्त त्या गेममध्ये उरला. मी भेटायला गेले तर काका खेळत होते आणि हातातले सोपे झेल मुद्दाम सोडत होते. दर झेलाला काकू ओरडत होत्या. मी दारातच थांबले. त्या दिवशी काकांचा संघ सपाटून हरला.

मग प्रमोददादाने त्यांना नव्या रायपुरात आपल्या फ्लॅटवर नेलं. हेतू चांगलाच होता, चांगल्या हेतूंनी माणसं किती नासधूस करतात ते मला आता कळतं. वडिलांना खूश करायला त्याने नवाकोरा कॉम्प्युटर आणला आणि जुना त्यांना न विचारता भंगारवाल्याला देऊन टाकला. रेकॉर्ड रूममध्ये हयात घालवलेल्या माणसाचा मुलगा, आणि आत काय आहे हे बघायची तसदी नाही! काकांनी कपाटातला पेनड्राइव्ह काढून लावला. तो कधीच मेलेला होता. यातलं एक अक्षर काकांनी मला सांगितलं नाही. मुलाची चूक बाहेर सांगायची नाही, हा तिसरा नियम असावा, तो मात्र त्यांनी कुठे लिहिला नव्हता.

फोन आला तेव्हा मी ऑफिसात होते. काका म्हणाले, "नवी मशीन आली. गेम चढवला. आता तुझ्याजवळचं ते जुनं टाकून दे."

"सगळं?"

"हव, सगळं. मागे काही ठेवू नको."

मला वाटलं, नवी आवृत्ती झाली, नेहमीसारखी जुनी काढायची आहे. मी फोल्डर पुसला. लॅपटॉपवर जागा कमी होती, म्हणून कचऱ्याची टोपलीही रिकामी केली. प्रत न करता. मी. आणि फोनवर सांगितलं, "टाकलं काका." ते म्हणाले, "शाब्बास."

दोन दिवसांनी त्यांचा फोन आला. "पोट्टे, अजून आलं नाही. प्रमोदनं लिंक धाडली होती ना? त्याच्यात टाकलं न तू?" फाइली चढवायची ती लिंक आली होती. मी ती उघडलीही नव्हती. मी काय केलं ते सांगितल्यावर काका फुटले. "टाकून दे म्हणलं होतं तुले! टाकून दे! वरणात मीठ टाकून दे म्हणलं तं तू मीठ फेकते काय? कोण्या गावची झाली तू?" मी रडत होते, तेही ओरडत होते आणि बहुतेक रडत होते. मी दोन दुकानांत लॅपटॉप नेला. दोन्हीकडे माना हलवल्या.

महिन्याने मी नव्या रायपूरला गेले. त्या रुंद रस्त्यांवर ना बस, ना माणूस. काकांनी दार उघडलं आणि म्हणाले, "आओ बेटा, बैठो. चाय पियोगी?"

मला वाटलं, सुनेचं माहेर हिंदी, तिच्यासमोर म्हणून असेल. पण सून आत होती. मी मराठीत विचारत होते, काका हिंदीत उत्तर देत होते. तब्येत, औषधं, हवा, सगळं हिंदीत, अगदी गोड आवाजात. एरवी आकाशपाताळ एक करणारा तो माणूस एकदाही चिडला नाही. शेवटी मीच ओरडले, "काका, मराठीत बोला ना! मराठीत विचारलं तर मराठीत सांगा!"

त्यांनी चहाची बशी खाली ठेवली. "डालना अलग, फेंकना अलग," ते म्हणाले. "हिंदी साफ़ है, बेटा. इसमें ग़लती नहीं होती."

त्यानंतर दोन वर्षं दर रविवारी मी फोन करत होते आणि दर रविवारी ते हिंदीत बोलत होते. घरात, अगदी सुनेशीसुद्धा, मराठीच बोलायचे, हे मला प्रमोददादाने सांगितलं. फक्त माझ्याशी नाही. शिव्या घातल्या असत्या तरी मी आनंदाने ऐकल्या असत्या. हा कसला सूड म्हणायचा? आणि सूड नसेल, खरंच भीती असेल, तर तिच्यावर मी कुठे चिडू?

मागच्या उन्हाळ्यात काका गेले. प्रमोददादाने ते रजिस्टर मला कुरियरने पाठवलं. या वेळी, का कोण जाणे, झेरॉक्स काढून मगच. रजिस्टरात काकूंची सगळी वाक्यं आहेत, काकांच्या टपोऱ्या अक्षरात. सत्तेचाळीस, झेल सुटला, 'हातात आलेलं सोडते काय रे पोट्ट्या', दोन पूर्णांक आठ सेकंद, दुसऱ्या खेपेला हसली म्हणून तिसरी घेतली. मी ते वाक्य मोठ्याने म्हणून पाहिलं. माझ्या तोंडून ते स्वच्छ पुणेरी आलं. मी रजिस्टर आपटलं, आणि मग उचलून पुसलं.

शेवटच्या पानावर प्रतींचा हिशोब आहे. जे नष्ट झालं त्यावर काका लाल शाईची रेघ मारत, रेकॉर्ड रूमची सवय. प्रत पहिली, मशीन. लाल रेघ. प्रत दुसरी, पेनड्राइव्ह, कपाट. लाल रेघ. त्याखाली माझ्या लग्नाच्या आदल्या दिवशीची, निळ्या शाईतली नोंद आहे: "प्रत तिसरी. पुणे. टाकली."

तिच्यावर रेघ नाही. का मारली नाही, हे विचारायला आता काका नाहीत. असते तरी त्यांनी उत्तर हिंदीतच दिलं असतं.