बोटीने आलेली निवळी

मला हे लिहायला लावलंय. हौस नाही, आधीच सांगतो. गावच्या मुंबई मंडळाच्या अंकात कारखान्याची जाहिरात द्यायची तर सोबत "तात्यांचे किस्से" हवेत, असं कुणीतरी आमच्या मालकिणीच्या, विद्याच्या डोक्यात भरवलं आणि विद्या माझ्या डोक्यावर बसली. मी चौथीपर्यंत शिकलेला माणूस. जोडाक्षर आलं की हात थांबतो. "तात्या, बोलता तसंच लिहा," म्हणाली. मी बोलतो तसं लिहिलं तर अंक छापणारा पळून जाईल!

पण किस्से आहेत, हे खरं. कढईच्या काठाला खरवड धरते तसे ते धरत जातात. रोज थोडे थोडे. खरवडायला बसलं की कळतं, केवढे जमलेत.

कारखाना म्हणजे काय, तर गणपतीपुळ्याच्या रस्त्याला एक पत्र्याची शेड आणि पुढे विक्रीचं काउंटर. आंबा बर्फी, माव्याचे मोदक. नवरा गेल्यावर विद्याने चालवायला घेतला. भट्टीवर मी. मिश्रण शकिलाकडे. शेवंती पॅकिंगला, पण तोंड सगळ्या खात्यांत. बाकी वाडीतल्या बायका.

आता अडचण ऐका. शेडची जागा अर्धी विद्याची, अर्धी तिच्या दिराची. दीर म्हणजे सुनील, राहतो डोंबिवलीला. त्याचं एकच पालुपद, "वहिनी, हे बंद करा. टुरिस्टांना रूमा काढू." शेवटी दोघांचं ठरलं, यंदाचा गणपतीचा सीझन नीट गेला तर कारखाना, नाही तर रूमा. म्हणजे बायका घरी, मीही घरी. आणि सीझन नीट जाणार की नाही हे कशावर? तर परदेशातून येणाऱ्या एका पावडरीच्या भावावर!

मी जिथे भट्टी सांभाळायचो ते गिरगावातलं मिठाईचं दुकान बंद झालं तेव्हा मी गावी आलो. साठी उलटलेल्या, तिरसट माणसाला भट्टीवर कोण उभं करतो? विद्याने केलं. मी कुणाचे आभार मानत नाही, मला ते जमत नाही. म्हणून हे लिहितोय असं समजा.

*

पावडर पहिल्यांदा आली तो दिवस. एजंट शिर्के, वाशीचा. गोड बोलणारा, घामाघूम. पोतं उतरवलं, त्यावर गायीचं चित्र आणि साहेबी अक्षरं.

"काका, व्हे पावडर. आता सगळीकडे हीच वापरतात. खव्यासारखी आंबत नाही, दूध पावडरीपेक्षा स्वस्त."

मी चिमूटभर जिभेवर ठेवली. गोडूस, थोडी खारट. म्हटलं, ही चव मी कुठेतरी घेतलीय!

"हे असतं काय?"

"चीज करताना दूध फाटतं ना, त्याचं खाली उरलेलं पाणी. ते सुकवायचं."

"म्हणजे निवळी!" मी ओरडलोच. "अरे, पनीर केल्यावर ही निवळी मी गिरगावात जन्मभर गटारात ओतली! ती आता बोटीने येणार आणि आम्ही विकत घ्यायची?"

शिर्केने घाम पुसला. म्हणाला, "काका, तुम्ही निवळी नाही, परकीय चलन ओतलंत!"

*

पण बर्फी चांगली व्हायला लागली, हे कबूल. खवा घाटावरून येईपर्यंत उन्हात निम्मा जीव सोडायचा. ही पावडर सोडत नव्हती. आमची घडी बसली.

घडी बसली की भाव वाढतो. हा नियम कुणी केला माहीत नाही.

शिर्केचा फोन आला की विद्या स्पीकर लावायची, सगळ्या बायका हात थांबवून ऐकायच्या. एकदा म्हणाला, तिकडे पाऊस नाही, गायींना चारा नाही. पुढच्या खेपेला, पाऊस फार झाला, गायींच्या खुरांना रोग. मग बोट लांबच्या वळशाने येतेय. मग डॉलर. मग म्हणाला, तिकडच्या गायी कमी केल्या, सरकारचं धोरण.

विद्या विचारायची, "अहो, मग देशी पावडर घेऊ का?"

"घ्या ना ताई. पण बाहेरचा भाव चढला की देशीवाले पण आपला चढवतात."

शेवंतीला राहवलं नाही. फोनजवळ तोंड नेऊन म्हणाली, "शिर्केभाऊ, एक इचारू? ती गाय वर्षातून एक दिवस तरी बरी असते काय?"

फोन बंद झाला. रेंज गेली म्हणे!

*

मग शिर्के स्वतः आला आणि खरं कारण सांगितलं. जिम. जगभरची पोरं दंड फुगवायला त्या निवळीतलं सत्त्व पितात. कारखानेवाले सत्त्व काढून त्यांना महाग विकतात, मग आपल्या साध्या पावडरीला निवळी उरते कुठे?

हे बायकांच्या डोक्यात पक्कं बसलं.

सुट्ट्यांचे दिवस होते. काउंटरला एक कुटुंब आलं, पुण्याकडचं. बरोबर धिप्पाड मुलगा, बाह्या दंडावर फाटायला आलेल्या. हातात बाटली, आत पांढरं काहीतरी, आणि तो ती खुळखुळ हलवतोय.

शेवंती पॅकिंग टाकून बाहेर. "काय रे बाळा, काय पितोस?"

"व्हे प्रोटीन, काकू."

शेवंतीने आत बघून हाळी दिली, "शकिला! ये गो बाहेर! सापडला! हाच तो, आपली बर्फी पितोय!"

बायका सगळ्या काउंटरला. पोरगा घाबरला. त्याची आई म्हणाली, "अहो, तो गोड काही खातच नाही."

"खात नाय, पण पितो ना!" शेवंती म्हणाली. "आमच्या चुलीवरची निवळी पितो, आणि वर बर्फीला हात लावत नाय!"

विद्याने मध्ये पडून सगळं समजावून सांगितलं. पोरगा हसायला लागला. भला पोर. बर्फीचा एक तुकडा तोंडात टाकला, डोळे मिटले आणि जिममधल्या सगळ्या दोस्तांसाठी खोके बांधून घेतले. जाताना शेवंतीच्या पाया पडला.

शेवंतीने आशीर्वाद दिला, "मोठा हो. पण आता आणखी नको!"

*

वैशाखाच्या अखेरीला शिर्केचा फोन आला. आवाज वेगळाच. "ताई, भाव पडलाय! बोटी एकदम लागल्या बंदराला. उचला आत्ताच, गणपतीपर्यंत पुन्हा चढेल."

"गाय बरी झाली वाटतं," शेवंती म्हणाली.

विद्याने मोठा धीर केला. पूर्ण सीझनची पावडर एकदम घेतली. आमच्यात पावसाआधी आगोट भरतातच, तांदूळ, लाकडं, सुकी मासळी, चार महिन्यांची बेगमी. तशी तिने निवळीची आगोट भरली. मी बजावलं, ही पावडर ओल खाते, पावसात दगड होईल. कोरडी जागा पाहिजे.

सुनीलला फोन झाला. अर्ध्या जागेचा मालक, विचारायला नको का? तो म्हणाला, "शेडमध्ये ओल येते. शेडमागच्या घराच्या माळ्यावर चढवा. खाली चूल असते, तिथे कायम सुकं." सगळ्यांना पटलं. मलाही पटलं.

विद्याचा एक शिरस्ता आहे. नवा माल आला की प्रत्येक पोत्यातली चिमूट देवापुढे ठेवायची. तशी पोती उघडली, चिमूट काढली, सुतळीने तोंडं बांधली, माळ्यावर चढवली. देवाला हात जोडले.

श्रावणात पहिलं पोतं खाली आलं. पावडर बघितली तर भुरभुरीत, एक खडा नाही! सगळे खूश. मी कढई चढवली, आंब्याचा रस, साखर, पावडर. बर्फी थापली. रंग असा की बघत राहावं. त्याच दिवशी सुनील आला होता, घरात सत्यनारायण होता म्हणून. मानाने पहिला तुकडा त्याला दिला.

तोंड वाकडं करून म्हणाला, "वहिनी, बोंबील!"

विद्याने खाल्ला. शेवंतीने खाल्ला. मी खाल्ला. बोंबीलच! आंबा पुढे, बोंबील मागे!

सुनील माझ्याकडे वळला. सगळ्या बायकांदेखत, पूजेला आलेल्या भटजींदेखत म्हणाला, "तात्या, निदान श्रावणात तरी खायचे नाहीत! आणि खाल्लेत तर हात धुऊन भट्टीवर उभं राहायचं!"

मी! मी श्रावणात लसूणसुद्धा खात नाही!

शकिला माळ्यावर चढली. वरूनच ओरडली, "ताई, पोत्यांच्या डोक्यावर टोपल्या हायत! बोंबलाच्या! ह्या कुशीला सुकट, त्या कुशीला पण सुकट!"

माळा कोरडा, म्हणूनच तर सगळं गाव मासळी माळ्यावर ठेवतं. हे इतक्या जणांत एकालाही आठवलं नव्हतं. सैल सुतळीतून दोन महिने निवळीने बोंबलाचा वास पिऊन घेतला.

सुनीलने वर बघितलं, खाली बघितलं आणि भटजींना विचारलं, "आरतीला किती वेळ आहे?"

*

विद्या त्या दिवशी जेवली नाही. गणपती तोंडावर, मोदकांची ऑर्डर घेतलेली, पावडर वाया, भाव पुन्हा वर. मी तिला म्हटलं, "मी आहे." काय उपयोग माझ्या असण्याचा? पण म्हटलं.

तिने शिर्केला फोन केला. स्पीकर नव्हता लावला, पण तिचा आवाज ऐकून ती मदत मागतेय हे बायकांना कळलं.

दोन दिवसांनी शिर्के टेम्पोत पुढे बसून हजर! चिपळूणच्या एका आइस्क्रीमवाल्याकडे जुना साठा होता, पाऊस म्हणून पडून होता. त्याच्या हातापाया पडून उचलला आणि जुन्याच भावाने आम्हाला आणून दिला.

मी म्हटलं, "शिर्के, भाव वाढवला नाहीस? गाय, बोट, डॉलर, काहीच नाही?"

"काका, येताना सगळा घाट विचार करत होतो," तो म्हणाला. "या वेळी कारणच सापडलं नाही."

त्या माणसाला मी नको नको ते बोललोय. इथे लिहून ठेवतो, शिर्के, तुझं भलं होवो.

आणि शकिलाचा भाऊ कोळंबीचं तळं राखतो. वासाची सगळी पोती तो खाद्यात मिसळायला घेऊन गेला. आठवड्याने शकिलाला विचारलं, काय म्हणते कोळंबी?

"खूश हाय, तात्या. भाऊ काठावर दिसला की उड्या मारते. पुढच्या वर्षी पण तुमच्या हातचंच पाहिजे म्हणते!"

*

बायकांनी त्या दिवसांत घरचं बघितलं नाही. हरतालिकेचा उपास करून साच्यावर बसल्या. मोदक वेळेवर गेले, एक खोका परत आला नाही. माझ्या घरची माणसंही माझ्यासाठी इतकी राबली नसती.

पण सुनील गणपतीला आला तोच हिशेब मांडत. "वहिनी, माळ्यावरची पोती गेली ना? मग सीझन नीट कुठे गेला? दिवाळीनंतर रूमांचं काम काढू." शेवंती बोलली नाही, तेव्हाच मला शंका यायला पाहिजे होती.

गणपती आणायच्या आधी आमच्यात ग्रामदेवीला गाऱ्हाणं घालतात. गुरव सगळ्या गावाच्या वतीने देवीशी बोलतो आणि प्रत्येक वाक्याला गावाने हात जोडून म्हणायचं, "व्हय म्हाराजा!" डोळे मिटलेले असतात. अर्धा गाव ऐकत नाही, ठेका धरतो. सुनीलचा आवाज लहानपणापासून सगळ्यांत मोठा. मुंबईकर झाल्यापासून तर देवळाची कौलं हलवतो.

गुरव म्हणजे शेवंतीचा नवरा.

"बारा वाड्यांच्या धनिणी, लेकरं हात जोडून उभी हायत!"

"व्हय म्हाराजा!"

"चाकरमान्यांची वाट सुखाची कर!"

"व्हय म्हाराजा!"

"साता समुद्रापलीकडं सायबाची गाय हाय, तिच्या पोटाला चारा दे, तिची निवळी स्वस्त कर!"

"व्हय म्हाराजा!" दोनचार जणांनी डोळे उघडले. सुनीलने नाही.

"निवळीच्या बोटीला सरळ रस्ता दाखव!"

"व्हय म्हाराजा!"

"ज्याच्या सांगण्यावरनं पोती माळ्यावर चढली, आन् बोंबलाचा आळ तात्यावर आला, त्याला चांगली बुद्धी दे!"

"व्हय म्हाराजा!" सगळ्यांत मोठा आवाज कुणाचा, सांगायला नको.

"विद्याच्या कारखान्याची चूल पेटती ऱ्हाऊं दे, आन् तिथं रूमा काढायचं ज्याच्या मनात आलं, त्याच्या मनातनं तू आज काढून घे!"

"व्हय म्हाराजा!"

हा शेवटचा आवाज एकट्याचाच आला. बाकी सगळा गाव डोळे उघडून त्याच्याकडे बघत होता.

नारळ फुटला. सुनीलने डोळे उघडले. "शेवटचं काय म्हणाला तो?"

"काय नाय हो, सुनीलभाऊ," शेवंतीने त्याच्या हातावर खोबऱ्याचा तुकडा ठेवला. "देवीपुढे तुम्ही व्हय म्हटलंत. खा."

त्याने खोबरं खाल्लं. दिवाळीला कढई चढली. रूमांचं नाव कुणी काढलं नाही.

फक्त श्रावणात बोंबील खाल्ल्याचा जो आळ माझ्यावर भटजींदेखत घातला, त्याची माफी अजून मागायची राहिलीय, ती सुनील दत्ताराम पाष्टे, राहणार डोंबिवली, याने!